कोकणच्या दमट हवेत डॅनिश बिक्सेमाद : बटाटा, सॉसेज आणि वर हाफ फ्राय

फोडणीचा भात ताज्या भाताचा करू नये, हे कोकणात कुणाला शिकवावं लागत नाही. वाफाळता भात कढईत गेला की शितं मोडतात आणि गिचका होतो. रात्रीचा गार भात मात्र सुटा सुटा परतला जातो. डेन्मार्कच्या घरांतलं बिक्सेमाद याच न्यायाने चालतं, फक्त भाताच्या जागी बटाटा असतो. आदल्या दिवशीचे उकडलेले बटाटे, उरलेलं भाजलेलं मांस किंवा सॉसेज आणि भरपूर कांदा तव्यावर खरपूस परतायचा, वर प्रत्येकी एक हाफ फ्राय ठेवायचं आणि बाजूला आंबटगोड बीट. ‘बिक्से’ म्हणजे सरमिसळ, ‘माद’ म्हणजे अन्न. शेवटचा द तिकडचे लोक इतका सैल उच्चारतात की आपल्या कानाला तो ल वाटतो. स्वीडनमध्ये याचंच भावंड ‘पीत्तिपन्ना’ या नावाने खातात, त्यात फोडी अजून बारीक असतात.

पदार्थ सोपा आहे, पण किनाऱ्यावरच्या स्वयंपाकघरात तो हमखास बिघडतो. कारण एकच, पाणी. बटाट्यातलं, कांद्यातलं, स्वस्त सॉसेजमधलं आणि पावसाळ्यात हवेतलंसुद्धा. तव्यावर पाणी आहे तोवर तिथली उष्णता ते उकळण्यात खर्च होते आणि तापमान शंभर अंशांच्या आसपास अडकून राहतं. खरपूस तांबूस कड त्याच्या बऱ्याच वर, साधारण दीडशे अंशांच्या पुढे धरते. म्हणून खालची बहुतेक खटपट पाणी बाहेर ठेवण्यासाठीच आहे.

चार जणांसाठी साहित्य

बटाटे ८०० ग्रॅम (मध्यम आकाराचे दहा-अकरा)
सॉसेज ४०० ग्रॅम (गोवा सॉसेज असेल तर २०० ग्रॅमच)
लाल कांदे ३ मध्यम, साधारण ३०० ग्रॅम
अंडी ४ (गावठी लहान असतील तर ८)
शेंगदाण्याचं रिफाइंड तेल ३ मोठे चमचे, तूप १ मोठा चमचा
भरडलेली मिरी अर्धा छोटा चमचा, लवंगेची पूड चिमूटभर, तमालपत्र १
वूस्टरशायर सॉस २ छोटे चमचे
मीठ चवीप्रमाणे, पण शेवटी
पातीच्या कांद्याची हिरवी पात मूठभर, बारीक चिरून

बिटाचं लोणचं आदल्या दिवशीच करून ठेवावं लागतं. त्याची कृती पुढे आहे.

बटाटा : इथेच निम्मं काम

डेन्मार्कमध्ये बटाटा १७२०च्या सुमारास फ्रेडेरिसिया गावात स्थायिक झालेल्या फ्रेंच ह्युगनो (प्रोटेस्टंट पंथाच्या) निर्वासितांनी लावायला सुरुवात केली असं मानतात. आपल्याकडे तो पोर्तुगिजांबरोबर आला आणि नावही त्यांचंच घेऊन बसला. ‘बटाटा’ आणि ‘पाव’ दोन्ही पोर्तुगीज शब्द. पण कोकणात तो फारसा पिकत नाही, बाजारात येतो तो घाटावरून किंवा त्याहून लांबून, आणि दुकानदाराला जात विचारली तर उत्तर बहुधा ‘नवा’ किंवा ‘जुना’ एवढंच मिळतं. आपल्याला हवा असतो घट्ट, चिकट गराचा बटाटा, जो उकडल्यावर फोड धरून ठेवतो. भुसभुशीत, पिठूळ बटाटा वड्याला उत्तम, इथे नको.

ओळखण्याची एक खात्रीची रीत आहे. एक वाटी मीठ आणि त्याच वाटीने अकरा वाट्या पाणी एकत्र ढवळा, मीठ पूर्ण विरघळू द्या आणि धुतलेला कच्चा बटाटा त्यात सोडा. तरंगला तर घट्ट गराचा, बुडाला तर पिठूळ. पिठूळ बटाट्यात पिष्ट जास्त म्हणून तो जड असतो. पातेलंभर खारं पाणी यासाठी करणं थोडं अति वाटेल, पण दहा किलोची गोणी घेणाऱ्याने एकदा करून बघावं. पाणी बाटलीत भरून ठेवलं तर पुन्हा वापरता येतं.

हिरवट झालेले बटाटे टाकूनच द्या, कोंब आलेला असेल तर तो खोलवर कोरून काढा. कच्चे बटाटे फ्रिजमध्ये ठेवायची सवय असेल तर ती इथे महागात पडते: थंडीत त्यांच्यातल्या पिष्टाची साखर होते आणि परतताना ते आतून शिजायच्या, कडा धरायच्या आधीच काळपट, कडसर होतात. टोपलीत, अंधाऱ्या पण हवेशीर कोपऱ्यात ठेवा. पावसाळ्यात खाली वर्तमानपत्र घाला आणि ते दर दोन-तीन दिवसांनी बदला.

उकडताना कुकर नको. शिट्टीच्या दाबात बाहेरचा थर मऊ होऊन फुटतो आणि आतला अजून कडक असतो. सालासकट, एकाच आकाराचे बटाटे पातेल्यात घालून वर दोन बोटं येईल इतकं गार पाणी ओता. दर लिटरला दोन छोटे चमचे मीठ आणि एक छोटा चमचा व्हिनेगर घाला. आंबटपणामुळे बटाट्यातलं पेक्टिन, म्हणजे गर बांधून ठेवणारा घटक, लवकर विरघळत नाही, त्यामुळे फोडी नंतर शाबूत राहतात. उकळी आली की आच कमी करा, पाणी नुसतं हलकं हललं पाहिजे. सत्तर-ऐंशी ग्रॅमच्या बटाट्याला तिथून १८ ते २२ मिनिटं लागतात. सुरी आत जाताना मध्यावर किंचित अडली पाहिजे; लोण्यासारखी गेली तर वेळ टळली.

लगेच रोळीत निथळा. दहा मिनिटांत, हाताला सोसेल इतके गरम असतानाच साल काढा, ताटात एकेक सुटा पसरा आणि पंख्याखाली गार होऊ द्या. दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये गेले पाहिजेत. रत्नागिरी-मालवणच्या मे महिन्यात उकडलेले बटाटे रात्रभर ओट्यावर ठेवणं म्हणजे सकाळी ते टाकायची तयारी. फ्रिजमध्ये डब्याचं झाकण लावू नका, ताट उघडंच ठेवा. फ्रिजमधली कोरडी हवा पृष्ठभाग सुकवते आणि थंडीत पिष्ट पुन्हा घट्ट बांधलं जातं. कच्च्या बटाट्याला फ्रिज नको आणि उकडलेल्याला हवा, हे उलटसुलट वाटतं, पण उकडताना साखर करणारी यंत्रणा मोडलेली असते.

दुसऱ्या दिवशी दीड सेंटिमीटरच्या चौकोनी फोडी करा. विळीपेक्षा सुरी बरी, कारण विळीवर गार बटाटा दाबून धरावा लागतो आणि कोपरे तुटतात. त्याहून बारीक फोडी परतताना चुरतात. मोठ्या फोडींना कड कमी आणि गर जास्त येतो.

सॉसेज कोणतं

डेन्मार्कमध्ये या कामाला जवळचं सॉसेज म्हणजे ‘मेडिस्टर’: डुकराच्या खिम्याचं, लांबलचक वेटोळं, त्यात मिरी, लवंग आणि ऑलस्पाइस (मिऱ्यासारखे दिसणारे मसाल्याचे सुके दाणे). ते आधी मंद पाण्यात शिजवून मग तव्यावर तांबूस करतात. आपल्या बाजारात साधारण तीन प्रकार हाती लागतात आणि प्रत्येकाची वागणूक वेगळी.

कच्चं पोर्क सॉसेज मिळालं तर ते मेडिस्टरच्याच रीतीने करा. पाणी उकळायच्या बेतात आलं, तळाशी बुडबुडे दिसू लागले की सॉसेज अख्खं सोडा आणि बारा मिनिटं तसंच ठेवा. खळखळ उकळी आली तर आवरण फाटतं आणि चरबी पाण्यात जाते. काट्याने टोचायची सवय सोडा, त्याने रस जातो. आतला भाग ७१ अंशांपर्यंत पोचायला हवा. थर्मामीटर नसेल तर जाड भाग कापून बघा, गुलाबी चिकट गर दिसता कामा नये. गार झाल्यावर एक सेंटिमीटरचे तिरके काप करा.

पाकिटातलं गोठवलेलं चिकन सॉसेज सगळ्यात सहज मिळतं आणि सगळ्यात जास्त त्रास देतं. त्यात चरबी कमी आणि पाणी व पिष्ट जास्त असतं, म्हणून ते तडतडतं आणि बुडाला चिकटतं. आदल्या रात्री फ्रिजमध्ये खालच्या कप्प्यात ठेवून वितळवा, काप करा आणि पंच्याने किंवा कागदाने टिपून घ्या. काही पाकिटांतल्या सॉसेजवर न खाण्याजोगं पातळ आवरण असतं. पाकिटावर वाचा, असेल तर सोलून काढा. विकत घेताना पाकीट हलवून बघा. आत बर्फाचे मोठे खडे किंवा सॉसेज एकमेकांना चिकटून ढेकूळ झालेलं असेल तर ते कधीतरी वितळून पुन्हा गोठलेलं आहे. पावसाळ्यात वीज तासन्‌तास जाते त्या गावांत हे पाकीट परत ठेवणंच शहाणपणाचं. चवीला हे सॉसेज मिळमिळीत असतं, म्हणून साहित्यातली लवंगेची चिमूट मुख्यतः त्याच्यासाठी आहे. परसात ऑलस्पाइसचं झाड असेल तर तमालपत्राऐवजी त्याचं एक पान वापरा, मेडिस्टरच्या वासाच्या ते बरंच जवळ जातं.

तिसरं गोवा सॉसेज, वेंगुर्ला-सावंतवाडीच्या बाजूला ओळखीचं, दोऱ्यात ओवलेल्या मण्यांसारखं. त्यात मिरची, लसूण, व्हिनेगर आणि मीठ इतकं असतं की ४०० ग्रॅम घातलं तर बटाट्याचं काही उरणार नाही. २०० ग्रॅम पुरे. दोरा आणि आवरण काढा, आतलं मांस मोकळं करून अर्धा वाटी पाण्यात मंद आचेवर पंधरा मिनिटं शिजवा. पाणी आटलं की लालभडक चरबी सुटते; तीच पुढे बटाट्याला वापरायची, वेगळं तेल एक चमचाभरच. वरून मीठ नको, वूस्टरशायर नको, लवंग नको. असं केलेलं ताट डॅनिश माणसाला अनोळखी वाटेल, पण पंक्तीत सगळ्यात आधी संपेल.

उरलेलं भाजलेलं मटण किंवा पोर्क असेल तर तेही चालतं, किंबहुना मूळ पदार्थ तोच. रस्सा पूर्ण निपटून, सेंटिमीटरभर तुकडे करा आणि अगदी शेवटच्या तीन मिनिटांत घाला. आधीच शिजलेलं मांस जास्त वेळ तव्यावर राहिलं तर सुकून चिवट होतं.

तव्यावर

बिडाचा किंवा जाड लोखंडी, किमान २८ सेंटिमीटरचा पसरट तवा घ्या. ८०० ग्रॅम फोडी अशा तव्यात एका थरात जेमतेम मावतात आणि जेमतेम मावणं म्हणजे न मावणंच. दोन खेपा करा. खोल कढईत मधल्या फोडी नुसत्या वाफेवर शिजत राहतात, म्हणून ती नको. नॉनस्टिकवर चिकटत नाही हे खरं, पण रंग फिका येतो.

क्रम बदलू नका: आधी सॉसेज, मग कांदा, मग बटाटा, आणि प्रत्येक गोष्ट परतून झाली की ताटात बाहेर. सगळं एकदम टाकलं की कांदा पाणी सोडतो, बटाटा ते पितो आणि वीस मिनिटांनी उपवासाच्या भाजीसारखं काहीतरी हाती येतं.

तवा मध्यम आचेवर तीन-चार मिनिटं तापवा. पाण्याचा थेंब टाकल्यावर तो गोळी होऊन पळाला की एक चमचा तेल घाला आणि सॉसेजचे काप पसरा. एका बाजूला तीन मिनिटं, उलटून दोन. कडा गडद तांबूस झाल्या की बाहेर काढा, सुटलेली चरबी तव्यातच राहू द्या. ताटलीत साचलेला रस नंतर वापरायचा आहे.

त्याच तव्यात तमालपत्र आणि एक सेंटिमीटरचे चौकोनी चिरलेले कांदे. बारीक चिरलेला कांदा बटाट्याबरोबर पुन्हा तव्यावर आला की जळतो. मध्यम-मंद आचेवर दहा-बारा मिनिटं लागतात, कडा सोनेरी आणि मध्य मऊ. तव्याला जे तपकिरी लागलं असेल ते कांद्याच्या पाण्यात सुटतं, उलथण्याने खरवडून घ्या. अलिबागचा पांढरा कांदा घरात असला तरी तो इथे घालू नका. त्याचा सौम्य गोडवा परतण्यात हरवतो. पातळ चकत्या करून कच्चाच ताटात वाढा.

कांदा बाहेर काढून तवा कागदाने पुसा. उरलेले कण राहिले तर पुढच्या पंधरा मिनिटांत ते कोळसा होतील. आता आच थोडी वाढवा, एक मोठा चमचा तेल, तेल लवलवलं की निम्म्या बटाट्याच्या फोडी एका थरात. आणि मग हात मागे. चार ते पाच मिनिटं उलथणं लावायचं नाही. याच टप्प्यावर बहुतेकांचं चुकतं, कारण परतणे म्हणजे सतत ढवळणे अशी हाताची सवय असते. बटाट्याची कड तयार झाली की फोड आपण होऊन तव्याला सोडते. सोडत नसेल तर ती अजून झालेली नाही, ओरबाडली तर खरपूस थर तव्याला राहील आणि पांढरी फोड हातात येईल. उलथणं तव्याला चपटं टेकवून खालून सरकवा आणि घोळक्याने उलटा. असं तीन-चार वेळा, एकूण १२ ते १५ मिनिटं. सहाही बाजू तांबूस व्हायची गरज नाही, तीन झाल्या तरी पुरे. झाकण कधीच ठेवू नका. दुसरी खेपही अशीच.

तूप शेवटी घाला. डेन्मार्कमध्ये परतायला बरेचदा लोणी वापरतात, पण त्यातले दुधाचे कण लवकर करपतात. तुपात ते नसतात. खोबरेल तेलाचा वास मात्र इथे सगळ्यावर बसतो.

आता सगळे बटाटे तव्यात एकत्र करा, कांदा आणि सॉसेज परत घाला, तूप, मिरी, लवंगेची पूड. दोन-तीन मिनिटं वरखाली. ताटलीतला रस आणि वूस्टरशायर कडेकडेने सोडा, चर्र आवाज आला पाहिजे. फोडींवर थेट ओतला तर कड मऊ पडते. मग चाखा आणि तेव्हाच मीठ. सॉसेजचा खारटपणा दर पाकिटागणिक बदलतो, म्हणून आधी माप सांगता येत नाही.

वूस्टरशायर नसेल तर एक छोटा चमचा सोया सॉस, अर्धा छोटा चमचा कोकमाचं आगळ आणि बोटाच्या पेराएवढा गूळ कालवून घ्या. आगळात मीठ भरपूर असतं, त्यामुळे वरचं मीठ बहुधा लागतच नाही.

बटाटा तरीही मोडलाच तर ढवळत बसू नका. सगळा बटाटा वेगळा काढून गरम दूध आणि लोणी घालून घोटा, वर परतलेलं सॉसेज आणि कांदा घाला. हाही डॅनिश पदार्थच आहे. एरवी त्यावर बेकन असतं आणि त्याच्या नावाचा अर्थ ‘जळतं प्रेम’. पाहुण्यांना बेत बदललेला कळणार नाही.

अंडं

डॅनिश भाषेत हाफ फ्रायला ‘आरसा-अंडं’ म्हणतात आणि बलक खरोखर तसा चकाकला पाहिजे, कारण तो फुटून बटाट्यावर उतरतो तोच या ताटाचा रस्सा. वेगळा लहान तवा, मध्यम-मंद आच, एक चमचा तूप. अंडं आधी वाटीत फोडा: शिळं निघालं तर वाटीतच सापडतं आणि बलक फुटला तर तेवढंच बाजूला ठेवता येतं. वाटी तव्याला टेकवून अलगद सोडा. पांढरं सगळीकडे गोठेपर्यंत तीन मिनिटं. बलकाभोवतीचं पांढरं पातळ राहत असेल तर चमच्याने तिथेच गरम तूप दोन-तीनदा सोडा. झाकण ठेवलं तर बलकावर पांढरा पापुद्रा येतो आणि आरसा जातो. गरोदर बाई, लहान मूल किंवा म्हातारं माणूस पंगतीत असेल तर त्यांचं अंडं उलटून बलक पूर्ण शिजवा. गावठी अंड्याचा बलक गडद आणि चवीला दाट, म्हणून मिळत असतील तर तीच घ्या, प्रत्येकी दोन.

बिटाचं लोणचं

तळकट बटाट्याला हा आंबटगोड काप नसेल तर चार घासांत कंटाळा येतो. अर्धा किलो लहान बीट, देठ तीन सेंटिमीटर ठेवून आणि शेपूट न कापता धुवा. सोललं किंवा कापलं तर रंग पाण्यात जातो. इथे कुकर चालतो, मध्यम आचेवर तीन-चार शिट्ट्या. गार झाल्यावर साल बोटांनी सरकवा, अर्ध्या सेंटिमीटरच्या चकत्या करून कोरड्या काचेच्या बरणीत भरा. स्टीलच्या पातेल्यात पाव लिटर व्हिनेगर, शंभर मिलिलिटर पाणी, शंभर ग्रॅम साखर, एक छोटा चमचा मीठ, आठ मिरे आणि तीन लवंगा उकळून गरमच ओता. चकत्या बुडाल्या पाहिजेत. पितळ आणि अ‍ॅल्युमिनियमची भांडी टाळा, आम्ल त्यांना खातं. चोवीस तासांनी चव बसते. फ्रिजमध्ये, कोरड्या चमच्याने काढत राहिलं तर तीन आठवडे टिकतं. व्हिनेगरऐवजी आगळ घालायचा मोह कोकणात होणारच, पण आवश्यक तेवढा आंबटपणा यायच्या आत लोणचं खारट होऊन बसतं.

वाढताना

तिकडे याच्याबरोबर राईचा काळा, जड पाव असतो. आपला मऊ पाव तेल शोषून लगदा होतो. नाचणीची भाकरी मात्र रंगाने, जडपणाने आणि किंचित कडसर चवीने त्या पावाच्या जवळ जाते. थोडी जाड थापा आणि चटके पडेपर्यंत भाजा. ताटं आधी गरम करून घ्या, बटाटे ढीग न करता पसरून वाढा, वर अंडं, हिरवी पात, बाजूला निथळलेलं बीट. बिटाचा रस बटाट्याकडे वाहिला की कड गेली, म्हणून बीट वेगळ्या वाटीत दिलेलं बरं.

काही उरलं तर अंडं सोडून बाकीचं डब्यात, फ्रिजमध्ये एक दिवस. दुसऱ्या दिवशी कोरड्या तव्यावर पसरून, न ढवळता वाफ निघेपर्यंत गरम करा. मायक्रोवेव्हमध्ये घातलंत तर आधीची सगळी खरपूस कड दोन मिनिटांत मऊ होईल.